आयर्लंडचा धडा आणि आपला 'बहिष्कार'

वर्धा नदीच्या काठचे कौंडण्यपूर हे आज अमरावती जिल्ह्यातील एक लहानसे गाव आहे. परंतु वऱ्हाडच्या मनात ते विदर्भाची प्राचीन राजधानी आणि रुक्मिणीचे माहेर म्हणूनच नांदते. येथून आषाढी वारीसाठी निघणाऱ्या पालखीला चारशे वर्षांहून अधिक काळाची परंपरा सांगितली जाते. संत एकनाथांनी १५७१ साली 'रुक्मिणी स्वयंवर' सिद्धीस नेले, त्या काव्याची नायिका याच भूमीची. तिची कथा सर्वांना ठाऊक आहे. भावाने ठरविलेला विवाह तिला मान्य नव्हता. तिने स्वतः पत्र लिहिले आणि ते एका ब्राह्मणाच्या हाती द्वारकेस धाडले. हरणाचा पराक्रम श्रीकृष्णाचा असेल, पण त्या कथेतील पहिला निर्णय आणि पहिला शब्द रुक्मिणीचा आहे. या गोष्टीचे स्मरण वाचकांनी ठेवावे, अशी आमची विनंती आहे. लेखाच्या शेवटी तिच्याकडे परत यावयाचे आहे.

काही वर्षांपूर्वी याच गावी वाचनाची आवड असलेल्या शिक्षकांच्या आणि ग्रामस्थांच्या एका छोट्या बैठकीत बोलण्याचा योग आम्हांस आला. विषय होता एकोणिसाव्या शतकातील आयरिश क्रांतिवादी राष्ट्रवाद आणि मराठी लेखनावर उमटलेला त्याचा ठसा. आम्ही आमच्या परीने तयारी करून गेलो होतो. टिळकांच्या चतुःसूत्रीतील 'बहिष्कार' हे शस्त्र मुळात आयर्लंडच्या शेतकऱ्यांनी घडविले, हे आम्ही थोड्या अभिमानानेच सांगत होतो. तेवढ्यात मागे बसलेल्या एक वृद्ध बाई म्हणाल्या, "फादर, हा शब्द आमाले शिकवा नोका. आमच्या आज्याले गावानं वाळीत टाकलं होतं. दुकानदार मीठ देत नोता, इहिरीवर पानी भरू देत नोते. आमच्या घरानं तो शब्द भोगला हाये."

बैठक पुढे चालू राहिली, पण आमचे व्याख्यान खरे म्हणजे तिथेच संपले. त्या बाईंना द्यावयाचे उत्तर तेव्हा आमच्याजवळ नव्हते. प्रस्तुत लेख हा ते उत्तर शोधण्याचा प्रयत्न आहे.

आयर्लंडची हकीकत प्रथम थोडक्यात सांगितली पाहिजे. १८४२ साली टॉमस डेव्हिस आणि त्याच्या मित्रांनी डब्लिन येथे 'द नेशन' हे पत्र सुरू केले आणि 'तरुण आयर्लंड' या नावाने ओळखल्या गेलेल्या चळवळीस वाणी लाभली. १८४५ पासून बटाट्याच्या पिकावर रोग पडला. त्या दुष्काळात सुमारे दहा लक्ष माणसे भुकेने आणि साथींनी मरण पावली. तितकीच किंवा त्याहून अधिक देश सोडून गेली. १८४८ चा उठाव काही दिवसांतच विझला. १८५८ साली संत पॅट्रिकच्या सणाच्या दिवशी जेम्स स्टीफन्स याने डब्लिनमध्ये गुप्त क्रांतिसंघटना स्थापन केली. तिचे सदस्य पुढे 'फेनियन' या नावाने प्रसिद्धीस आले. १८६७ चा त्यांचा उठावही फसला. त्याच वर्षी मँचेस्टर येथे तिघा आयरिश तरुणांना फाशी झाली आणि पराभूत चळवळीला हुतात्मे मिळाले.

या सर्व नावांत आम्हांस सर्वांत जवळचा वाटतो तो मायकेल डेव्हिट. १८४६ साली मेयो परगण्यात त्याचा जन्म झाला. तो चार वर्षांचा असताना खंड थकल्यामुळे त्याच्या कुटुंबाला जमीनदाराने घराबाहेर काढले. कुटुंब इंग्लंडात लँकेशायरला गेले. तेथील कापूसगिरणीत १८५७ साली, अकराव्या वर्षी, यंत्रात सापडून त्याचा उजवा हात गेला. पुढे थोड्याच वर्षांनी, अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात, आपल्या वऱ्हाडचा कापूस लँकेशायरच्या गिरण्यांना हवाहवासा झाला आणि आपल्या बाजारपेठांना तेजी आली. ज्या गिरण्यांनी आपल्या व्यापाऱ्यांच्या हाती पैसा दिला, त्याच प्रकारच्या गिरणीने एका आयरिश निर्वासित मुलाचा हात घेतला होता. वऱ्हाडच्या माणसाने आयर्लंडचा इतिहास वाचताना एवढा धागा तरी हाती धरावा.

डेव्हिट फेनियन झाला आणि त्यापायी त्याने सात वर्षे तुरुंगवास भोगला. १८७७ च्या अखेरीस सुटल्यावर एक गोष्ट त्याच्या ध्यानी आली होती: गुप्त कट आणि बंदुका यांनी जे साधले नाही, ते जमिनीच्या प्रश्नाने साधेल, कारण राष्ट्र ही कल्पना शेतकऱ्याला दूरची, पण शेत त्याच्या पायाखालचे. ऑक्टोबर १८७९ मध्ये 'लँड लीग' स्थापन झाली. अध्यक्ष झाला संसदेतील नेता चार्ल्स स्ट्यूअर्ट पार्नेल. क्रांतिकारक, संसदपटू आणि कुळे प्रथमच एका मांडवाखाली आली.

आता मराठीकडे वळू. नरसिंह चिंतामण केळकर यांचा 'आयर्लंडचा इतिहास' १९०९ साली प्रसिद्ध झाला. त्या वेळी लोकमान्य मंडालेच्या तुरुंगात होते. स्वतःच्या देशाबद्दल उघड लिहिणे किती महाग पडते, हे आदल्याच वर्षी महाराष्ट्राने पाहिले होते. परक्या देशाचा इतिहास हा अशा वेळी आरसा होतो. वऱ्हाडही या वाऱ्यापासून दूर नव्हते. १८९४ च्या मद्रास काँग्रेसचे अध्यक्षपद आल्फ्रेड वेब या आयरिश संसद-सदस्याने भूषविले होते. तीन वर्षांनी, १८९७ साली, काँग्रेसचे अधिवेशन अमरावतीस भरले. स्वागताध्यक्ष होते दादासाहेब खापर्डे. हेच दादासाहेब पुढे टिळकांच्या अपिलासाठी विलायतेत राहिले आणि होमरूलच्या चळवळीतही टिळकांच्या बाजूला उभे राहिले. 'होमरूल' हा शब्दही आयर्लंडचाच.

साम्ये पुष्कळ होती आणि ती डोळ्यांत भरणारी होती. १८८२ साली डब्लिनच्या फिनिक्स उद्यानात दोन बड्या अधिकाऱ्यांचा खून झाला; १८९७ साली पुण्यात रँड आणि आयर्स्ट यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. पार्नेलचा त्या खुनांशी संबंध जोडणारी पत्रे लंडनच्या 'टाइम्स'ने १८८७ साली छापली आणि ती बनावट असल्याचे दोन वर्षांनी उघड झाले. टिळकांवर असेच किटाळ घेणारा व्हॅलेंटाइन चिरोल हाही 'टाइम्स'चाच लेखक. टिळकांनी त्याच्यावर भरलेला खटला १९१९ साली चालला, तेव्हा चिरोलचे वकीलपत्र घेतले होते आयर्लंडच्या होमरूलचे कट्टर विरोधक सर एडवर्ड कार्सन यांनी. टिळक तो खटला हरले. अशी साम्ये वाचताना मन रमते, यात शंका नाही. परंतु येथेच आमचा आक्षेप आहे. साम्य शोधणे म्हणजे समजून घेणे नव्हे. आपल्या व्याख्यानांतून आणि शालेय वाचनातून जे आयर्लंड आमच्या पिढीस भेटले, ते नेत्यांचे आयर्लंड होते. आपण पार्नेलच्या शेजारी टिळकांना उभे केले, हुतात्म्याच्या शेजारी हुतात्म्याला उभे केले. मेयोमधील कुळाच्या शेजारी मात्र आपण कोणालाच उभे केले नाही. ती जागा मोकळी राहिली. आणि त्या मोकळ्या जागेतूनच कौंडण्यपूरच्या त्या बाई बोलल्या, असे आज आम्हांस वाटते.

म्हणून 'बॉयकॉट' या शब्दाची जन्मकथा नीट पाहावी लागते. चार्ल्स बॉयकॉट हा निवृत्त लष्करी अधिकारी मेयोमध्ये लॉर्ड अर्न या जमीनदाराचा कारभारी होता. पिके बुडाल्यामुळे १८८० साली कुळांनी खंडात पंचवीस टक्के सूट मागितली; जमीनदार दहा टक्क्यांच्या वर जाईना. सप्टेंबरात घर सोडण्याच्या नोटिसा घेऊन बेलिफ आला, तेव्हा त्याला गावच्या बायकांनी चिखल आणि दगड मारून पिटाळून लावले. त्याच महिन्यात पार्नेलने एनिस येथील सभेत शेतकऱ्यांना नवा मार्ग सांगितला होता: दुसऱ्याला हुसकावून मोकळी केलेली जमीन जो घेईल, त्याला मारू नका, रस्त्यात, दुकानात, बाजारात, प्रार्थनामंदिरातही त्याच्याशी बोलू नका, जुन्या काळच्या कुष्ठरोग्यासारखा त्याला वेगळा पाडा. मेयोच्या लोकांनी हा उपाय बॉयकॉटवर योजिला. गडी निघून गेले, धोबिणीने कपडे धुणे सोडले, दुकानदाराने माल देणे बंद केले, टपालही पोहोचेना. पीक काढण्यासाठी उत्तरेकडून सुमारे पन्नास मजूर आणावे लागले आणि त्यांच्या रक्षणासाठी सुमारे एक हजार सैनिक. जितक्या किमतीचे पीक, त्याच्या कितीतरी पट खर्च त्याच्या राखणीवर झाला. डिसेंबरच्या आरंभी बॉयकॉटने आयर्लंड सोडले. पुढच्याच वर्षी खंड ठरविण्यासाठी न्यायालये नेमणारा जमीन कायदा ब्रिटिश संसदेला करावा लागला.

या कृतीला नाव कोणी दिले? अमेरिकन पत्रकार जेम्स रेडपाथ याने नोंदविल्याप्रमाणे ते श्रेय तेथील एका धर्मग्रामाचे प्रमुख फादर जॉन ओमॅली यांचे आहे. वेगळे पाडण्यासाठी पुस्तकी इंग्रजीत जो शब्द होता, तो शेतकऱ्यांच्या जिभेवर बसणार नाही, हे त्यांनी ओळखले आणि त्या कारभाऱ्याचे नावच क्रियापद म्हणून वापरण्यास सुचविले. आपल्या लोकांची जीभ ओळखणारा धर्मगुरू जगाच्या कोशाला एक शब्द देऊन गेला, ही गोष्ट आम्हां धर्मगुरूंना सुखावणारी आहे. म्हणूनच तिच्याकडे अधिक सावधपणे पाहिले पाहिजे.

मेयोमधील त्या शस्त्राची धार कोणत्या दिशेने होती? खालून वर. ज्यांच्याजवळ जमीन नव्हती, कायदा नव्हता, शिपाई नव्हते, त्यांनी ज्याच्याजवळ हे सर्व होते त्याच्याशी असलेला व्यवहार थांबविला. बॉयकॉटला आयर्लंड सोडून जाण्यासाठी इंग्लंड होते. त्याचे पाणी कोणी तोडले असते, तरी सरकारी फौज त्याच्या दारात होती. शस्त्र एकच, परंतु ते कोणाच्या हातात आहे यावर त्याचे नैतिक मूल्य ठरते.

हा शब्द मराठीत आला तेव्हा काय घडले? १९०५ साली वंगभंगाच्या चळवळीत 'बॉयकॉट' हिंदुस्थानभर पसरला आणि मराठीत त्याला 'बहिष्कार' हा प्रतिशब्द रूढ झाला. भाषांतर म्हणून तो सुबक आहे. पण तो नवा नव्हता. बहिष्कार, ग्रामण्य, वाळीत टाकणे हे शब्द आपल्या गावगाड्याने शतकानुशतके वापरले होते, आणि त्यांची धार होती वरून खाली. जातीचे नियम मोडणाऱ्यास, विधवेशी विवाह करणाऱ्यास, परधर्मीयाच्या हातचे खाणाऱ्यास पंच वाळीत टाकीत. स्वतः टिळकांना याचा अनुभव होता. १८९० साली पुण्याच्या पंच हौद मिशनमध्ये चहा घेतल्यावरून न्यायमूर्ती रानडे, टिळक आणि इतर अनेकांवर ग्रामण्य आले आणि ते प्रकरण शंकराचार्यांपर्यंत पोहोचले. म्हणजे ख्रिस्ती घरचा चहाचा पेला हेही वाळीत पडण्यास पुरेसे कारण होते. त्यानंतर पंधरा वर्षांनी तोच शब्द स्वातंत्र्याचे शस्त्र म्हणून उच्चारला गेला, तेव्हा त्याच्या जुन्या अर्थाची झाडाझडती कोणी घेतली नाही. मँचेस्टरच्या कापडावर टाकावयाचा बहिष्कार आणि गावातील माणसावर टाकावयाचा बहिष्कार एकाच नावाने नांदू लागले. ही आमच्या मते केवळ भाषेची अडचण नाही. ती विचारातील फट आहे.

ती फट दाखविली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी. १९२४ साली त्यांनी 'बहिष्कृत हितकारिणी सभा' स्थापन केली आणि १९२७ साली 'बहिष्कृत भारत' हे पाक्षिक काढले. या नावाकडे साहित्याचा अभ्यासक म्हणून पाहावे. ज्या शब्दाचा देशभर राजकीय कर्तरी प्रयोग चालू होता, त्याचे कर्मणी रूप त्यांनी मस्तकी छापले. 'आम्ही बहिष्कार घालतो' असे म्हणणाऱ्या देशाला 'आमच्यावर बहिष्कार आहे' असे सांगणारे ते पत्र होते. त्याच वर्षी महाडला पाण्यासाठी सत्याग्रह झाला. आणि नोव्हेंबरात अमरावतीस, अंबादेवी मंदिरातील प्रवेशाच्या प्रश्नावर भरलेल्या परिषदेचे अध्यक्षस्थान बाबासाहेबांनी स्वीकारले. रुक्मिणी ज्या अंबेच्या दर्शनास गेली ती कौंडण्यपूरची की अमरावतीची, याविषयी दोन्हीकडे परंपरा आहेत. एवढे मात्र खरे की ज्या देवीच्या दारातून एका राजकन्येने बंधन तोडल्याची कथा आपण भक्तीने ऐकतो, त्या देवीचे दार १९२७ साली वऱ्हाडातील हजारो माणसांना बंद होते.

१९३० साली स्टार्ट समितीने मुंबई सरकारला अहवाल दिला. बाबासाहेब तिचे सदस्य होते. अस्पृश्यांनी हक्क बजावू पाहताच त्यांची मजुरी, जमीन, दुकान आणि वाट बंद करणारा सामाजिक बहिष्कार हे त्यांच्याविरुद्धचे किती भयंकर शस्त्र आहे, हे तिने नोंदविले. तपशील पाहा: दुकानदार माल देत नाही, काम मिळत नाही, कोणी बोलत नाही. मेयोमध्ये जे घडले, तेच हे सर्व. फक्त दिशा उलटी. शेवटी महाराष्ट्राच्या विधिमंडळास २०१६ साली सामाजिक बहिष्काराविरुद्ध स्वतंत्र कायदा संमत करावा लागला आणि २०१७ पासून तो अमलात आला. असा कायदा करणारे आपले राज्य देशात पहिले, ही भूषणाची बाब की लाजेची, हे वाचकांनीच ठरवावे.

दुसऱ्याच्या घराची झडती घेतल्यावर आपल्या घराकडे पाठ फिरविणे बरे नव्हे. एकोणिसाव्या शतकातील आयरिश ख्रिस्तसभेने क्रांतिकारकांना कसे वागविले? डब्लिनचे कार्डिनल कलन यांनी फेनियनांचा कठोर निषेध केला. केरीचे बिशप मोरियार्टी यांनी १८६७ साली अशा अर्थाचे उद्गार काढले की त्यांच्या पुढाऱ्यांना शिक्षा देण्यास नरक पुरेसा तप्त नाही आणि अनंतकाळही पुरेसा दीर्घ नाही. १८७० साली रोमनेही फेनियनांस निषिद्ध ठरविले. दुसरीकडे मेयोमधीलच फादर लॅव्हेल यांच्यासारखे धर्मगुरू फेनियनांच्या बाजूने उघड उभे राहिले, आणि पुढे आर्चबिशप क्रोक यांनी कुळांची बाजू घेतली. १८८७ साली पोप लिओ तेरावे यांनी चौकशीसाठी पर्सिको नावाच्या धर्माधिकाऱ्यास आयर्लंडला पाठविले. हेच पर्सिको तरुणपणी मुंबईत बिशप हार्टमन यांचे सहकारी होते आणि नंतर आग्र्यास होते. १८८८ च्या एप्रिलमध्ये रोमने कुळांची खंडबंदीची मोहीम आणि बॉयकॉट या दोन्हींचा निषेध केला. आयरिश जनतेस तो निवाडा जमीनदारांच्या बाजूचा वाटला आणि श्रद्धा न सोडता तिने तो मनाआड केला.

त्या निवाड्यात आम्हांस एक सत्य दिसते आणि एक उणीवही. शेजाऱ्याला मीठपाणी तोडणे हा प्रीतीच्या आज्ञेचा भंग आहे, हे सत्य. परंतु तो भंग ज्या अन्यायातून जन्मला, त्या अन्यायाला तितक्याच स्पष्ट शब्दांत नाव दिले गेले नाही, ही उणीव. शिवाय ज्या ख्रिस्तसभेजवळ वेदीवरून नाव घेऊन माणसाला समाजातून उठविण्याची सत्ता होती, तिने बॉयकॉटचा निषेध करताना स्वतःच्या त्या सत्तेचाही विचार करावयास हवा होता. आम्ही धर्मगुरू आहोत. वेदीवरून उच्चारलेल्या एका नावाचे पुढे गावात काय होते, हे आम्ही पाहिले आहे.

पार्नेलची कुष्ठरोग्याची उपमा येथे पुन्हा आठवते. ती परिणामकारक होती, कारण सर्वांना तिचा अर्थ कळत होता. परंतु त्या उपमेत खुद्द कुष्ठरोग्याची बाजू कोठेच नाही. शुभवर्तमानात प्रभू येशू हात पुढे करून कुष्ठरोग्यास स्पर्श करतो. तो एक स्पर्श 'वेगळे पाडणे' या संपूर्ण व्यवस्थेला दिलेले उत्तर आहे. आपल्या अमरावतीत डॉ. शिवाजीराव पटवर्धनांनी तपोवन उभारून तेच उत्तर आपल्या कृतीने दिले. कोणत्याही क्रांतीचे साहित्य वाचताना तिच्या उपमांत कोणाला वापरून घेतले आहे, हे समीक्षकाने विचारले पाहिजे.

मग त्या वृद्ध बाईंना आमचे उत्तर काय? असहकार त्याज्य नाही. ज्याच्याजवळ दुसरे काही उरलेले नाही त्याने अन्यायाशी व्यवहार थांबवावा, हा त्याचा हक्क आहे, आणि मेयोच्या कुळांनी तो रक्तपाताविना बजावला, हे त्यांचे मोठेपण. परंतु जो वरून खाली टाकला जातो आणि ज्यात परतीचे दार नसते, त्या बहिष्काराला स्वातंत्र्याच्या शब्दकोशात जागा नाही. हा भेद आपल्या लेखनाने वेळीच केला नाही. आयर्लंडकडून आपण शस्त्र घेतले. ते कोणी, कोणाविरुद्ध आणि कोणत्या भुकेपोटी घडविले, हे घेतले नाही.

आयरिश कवींनी आपल्या देशाची कल्पना पुष्कळदा वाट पाहणाऱ्या स्त्रीच्या रूपात केली. वीर येईल आणि तिला सोडवील. कौंडण्यपूरची रुक्मिणी मात्र वाट पाहत बसली नाही. तिने पत्र लिहिले. राष्ट्राच्या मुक्तीची कोणतीही कथा वाचताना, पत्र कोणी लिहिले आणि कोणाला लिहू दिले नाही, हा प्रश्न तिच्यापासून शिकावा. मराठीला 'आम्ही' आणि 'आपण' असे दोन शब्द लाभले आहेत. एकात समोरचा वगळला जातो, दुसऱ्यात तो सामावतो. या लेखात आम्ही परंपरेनुसार 'आम्ही' म्हणत आलो. त्या बाईही त्या दिवशी 'आमाले' म्हणाल्या होत्या, आणि त्यांच्या 'आम्ही'त आम्ही नव्हतो. त्या दोन 'आम्हीं'चे 'आपण' होईल, तेव्हा आयर्लंडचा धडा आपण खरोखर वाचला असे म्हणता येईल.